‘आणि संच’

गेल्या वर्षावासात दारव्ह्यातील एका बुद्धविहारात ग्रंथवाचन आटोपल्यावर समितीतल्या पोरांनी भिंतीला पांढरी चादर बांधली आणि ‘धग’ हा चित्रपट लावला. बाहेर पाऊस, आत पन्नास-साठ माणसे, त्यात बायाच जास्त. पुरुष मंडळी मागे दाराशी, निम्मे लक्ष मोबाईलमध्ये. श्मशानात प्रेते जाळण्याचे काम पिढ्यान्‌पिढ्या करणाऱ्या कुटुंबाची ही गोष्ट आहे. ते काम आपल्या पोराच्या गळ्यात पडू नये म्हणून जिवाचा आटापिटा करणारी आई त्यात आहे. चित्रपट संपला. दिवे लागले. पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या आईने पदराने डोळे पुसत विचारले, “हे बाई कोन होय गा? आपल्यातलीच दिसते. नाव काय तिचं?”

विहारात कोणालाच सांगता येईना. दिग्दर्शक शिवाजी लोटन पाटील, हे एका पोराने सांगितले. बाप झालेले उपेंद्र लिमये, हे तर चार-पाच जणांनी एकदम सांगितले. आईचे नाव कोणाला आले नाही. आम्हालाही आले नाही, हे कबूल केले पाहिजे. वर्षानुवर्षे या पानावर संस्कृतीच्या, प्रतिनिधित्वाच्या गप्पा मारणारे आम्ही खिशातून मोबाईल काढून शोधू लागलो. तेवढ्यात म्हातारी उठून गेली. तिला घरी भाकरी टाकायच्या होत्या.

त्या बाईचे नाव उषा जाधव. कोल्हापूरची. तिची जात कोणती, याची चौकशी आम्ही केलेली नाही आणि करणारही नाही. म्हातारीच्या ‘आपल्यातली’ या शब्दात जातीच्या दाखल्यापेक्षा पुष्कळ जास्त काही होते. तो काळासावळा चेहरा, ती बसण्याची पद्धत, भीती गिळून घरातल्या माणसांना जेवायला वाढणारे ते हात तिने ओळखले होते. तसे ओळखू येणे ही नटीची कमाई असते. आणि आपल्या चित्रपटसृष्टीत नेमकी हीच कमाई तिची बेडी कशी होते, ते या निमित्ताने नीट पाहिले पाहिजे.

उषा जाधव हिचा पहिला ठळक उल्लेख सापडतो तो २००७ सालच्या मधुर भांडारकर यांच्या ‘ट्रॅफिक सिग्नल’मध्ये. सिग्नलवर जगणाऱ्या माणसांच्या गर्दीतली ती एक. पुढची काही वर्षे अशीच किरकोळ कामांत गेली. २०१२ साली ‘कौन बनेगा करोडपती’च्या जाहिरातीतून हा चेहरा घराघरांत पोहोचला, पण जाहिरातीतल्या चेहऱ्याला नाव नसते. मग ‘धग’ आला आणि १८ मार्च २०१३ रोजी साठाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून उषा जाधव हे नाव जाहीर झाले. त्याच वर्षी अभिनेत्याचा पुरस्कार इरफान खान आणि विक्रम गोखले यांना विभागून होता. म्हणजे ही कोणत्या रांगेत उभी राहिली, ते लक्षात घ्या. ‘धग’च्या दिग्दर्शकालाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पोराची भूमिका करणाऱ्या हंसराज जगतापचीही विशेष दखल घेतली गेली. एका छोट्या मराठी चित्रपटाने दिल्लीत एवढी मजल मारली. तो लोकांसमोर यायला मात्र २०१४ साल उजाडले.

आता आमचा साधा प्रश्न आहे. देशातली सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरलेल्या बाईला पुढच्या वर्षी काय काम मिळते? अन्य कोणी असती तर निर्माते दारात उभे राहिले असते, मोठ्या नटासमोर नायिका म्हणून तिचे नाव लागले असते. उषा जाधव २०१४ साली पडद्यावर दिसली ती ‘भूतनाथ रिटर्न्स’मध्ये, धारावीच्या झोपडपट्टीतल्या पोराची आई म्हणून. नायक अमिताभ बच्चन, गोष्ट त्यांची आणि त्या पोराची. आई आपली मागे, घरात. २०१६ साली राम गोपाल वर्मा यांच्या ‘वीरप्पन’मध्ये ती झाली वीरप्पनची बायको. त्या चित्रपटाच्या जाहिरातीत कोणाचे चेहरे होते ते आठवून पाहा.

म्हणजे राष्ट्रपतींच्या हातून पदक घेऊन आल्यावरही वाट तीच राहिली. गरिबाची आई, दरोडेखोराची बायको, पीडित स्त्री. या भूमिका वाईट आहेत असे आमचे मुळीच म्हणणे नाही. त्या तिने जीव ओतून केल्या आहेत. पण एखाद्या बँकेची मॅनेजर, एखाद्या प्रेमकथेतली नायिका, पुण्याच्या सोसायटीत राहणारी आणि नवऱ्याशी भांडणारी सुखवस्तू बाई अशा साध्या भूमिकांसाठी हा चेहरा निर्मात्याच्या डोळ्यासमोर का येत नाही? आपल्या मुली बँकेत मॅनेजर नाहीत का? दारव्ह्यासारख्या तालुक्याच्या गावात आज पंचायत समितीपासून शाळेपर्यंत आणि स्टेट बँकेच्या काउंटरपासून दवाखान्यापर्यंत सावळ्या चेहऱ्याच्या, शिकलेल्या, मान वर करून काम करणाऱ्या बाया आहेत. आरक्षणाने आणि त्यांच्या आईबापांनी उपसलेल्या कष्टाने त्या तिथे पोहोचल्या. पडद्यावर मात्र त्या अजून झोपडीतच आहेत.

याचे मूळ फार जुने आहे. १९३६ साली बॉम्बे टॉकीजने ‘अछूत कन्या’ काढला. अस्पृश्य मुलीची भूमिका केली देविका राणी यांनी, ज्यांचे नाते थेट टागोर घराण्याशी होते. बाबासाहेबांनी येवल्याची घोषणा करून तेव्हा वर्षही उलटले नव्हते. ज्या समाजाने धर्मांतराची भाषा सुरू करून सगळा देश हादरवला होता, त्या समाजाची मुलगी पडद्यावर आली ती कोरलेल्या भुवयांची, दुःखाने सुंदर दिसणारी. १९५९ साली बिमल रॉय यांनी ‘सुजाता’ केला. अस्पृश्य मुलगी झाल्या नूतन. पुढे समांतर चित्रपटांची लाट आली. ‘अंकुर’मध्ये शबाना आझमी, ‘मंथन’मध्ये स्मिता पाटील, आपल्या मराठीत १९७७ च्या ‘जैत रे जैत’मध्ये ठाकरांची चिंधी पुन्हा स्मिता पाटील. या सगळ्या मोठ्या अभिनेत्री. त्यांचे काम खोटे होते असे म्हणणारा आंधळा म्हणावा लागेल. ‘सद्‌गती’मधली स्मिता पाहून आमच्याही डोळ्यांना पाणी आले होते.

पण रस्ता एकेरी आहे, हे बघा. वरच्या समाजातली नटी खालच्या समाजातली बाई होऊ शकते, तिचे कौतुक होते, तिने किती मेहनत घेतली याच्या मुलाखती छापून येतात. अगदी २०१९ सालच्या ‘बाला’मध्ये सावळ्या मुलीचे दुःख सांगायचे होते, तर भूमी पेडणेकर यांच्या तोंडाला काळा रंग लावला. सावळी मुलगी देशात सापडली नाही! उलट्या दिशेने कोणी गेले तर काय होते, याचा पहिला धडा केरळमध्ये मिळाला. १९३० च्या सुमारास पी. के. रोझी या पुलया समाजातल्या, शेतात राबणाऱ्या घरच्या मुलीने ‘विगतकुमारन्’ या मल्याळम भाषेतल्या पहिल्या चित्रपटात नायर स्त्रीची भूमिका केली. एका अस्पृश्य मुलीने नायर बाईसारखे नेसून केसात फूल माळावे, हे तिरुवनंतपुरमच्या प्रेक्षकांना सहन झाले नाही. पडद्यावर दगड आले. तिला गाव सोडून पळावे लागले. उरलेले आयुष्य तिने तामिळनाडूत नाव बदलून काढले. मल्याळम चित्रपटाच्या त्या पहिल्या नायिकेचे काम आज पाहायलाही मिळत नाही. चित्रपटच उरलेला नाही.

आज दगड मारायला कोणी येत नाही. त्याची गरजच उरलेली नाही, कारण त्या भूमिकेला तुम्हाला बोलावतच नाहीत. बोलावतात ते ‘खरेपणा’साठी. आम्हाला हा शब्द अलीकडे फार खटकू लागला आहे. समीक्षक लिहितात की अमुक नटीने किती खरे काम केले, जणू ती तशीच आहे, तिला अभिनय करावा लागलाच नाही. गोऱ्या नटीने झोपडी उभी केली तर ती कला आणि सावळीने केली तर तो तिचा स्वभाव! ‘धग’मधली यशोदा ही उषा जाधवने अभ्यास करून, श्वास राखून, आवाज मोजून उभी केलेली व्यक्तिरेखा आहे. विहारातल्या म्हातारीला ती आपल्या घरातली वाटली याचे श्रेय तिच्या कातडीला नाही, तिच्या कसबाला आहे.

तिच्या वाट्याला आलेल्या मोठ्या भूमिका दोन. दोन्ही २०१९ च्या, आणि दोन्ही आमच्या वाचकांनी आवर्जून पाहाव्यात अशा. पहिली अरुणाराजे यांच्या ‘फायरब्रँड’मधली सुनंदा राऊत. दलित समाजातून आलेली, शाळकरी वयात बलात्कार सोसलेली आणि पुढे बायकांचे खटले लढणारी नावाजलेली वकील. हा मराठी चित्रपट प्रियांका चोप्रा यांच्या संस्थेने काढला आणि तो नेटफ्लिक्सवर आला. म्हणजे ज्याच्या घरी महिन्याचे पैसे भरून ते लावले आहे त्याच्याकडेच. चित्रपटात सगळे जमले आहे असे नाही, शेवट तर आम्हाला अजिबात पटला नाही. पण काळा कोट घालून कोर्टात उभी राहणारी, चांगल्या घरात राहणारी आणि तरीही रात्री दचकून उठणारी आपल्या समाजातली बाई मराठी पडद्यावर प्रथमच इतक्या जवळून दिसली. खैरलांजीनंतर जे वाचक मोर्चात उतरले होते, त्यांनी या चित्रपटावर वाद घालायला हवा होता. आम्ही तरी तसा वाद कुठे वाचला नाही.

दुसरी भूमिका ‘माई घाट’मधली. अनंत महादेवन यांचा चित्रपट. केरळमध्ये २००५ साली उदयकुमार नावाच्या तरुणाला पोलिसांनी उचलून नेले आणि तो कोठडीतल्या मारहाणीत मेला. त्याची आई प्रभावती अम्मा न्यायासाठी तेरा वर्षे झगडली. २०१८ साली न्यायालयाने दोन पोलिसांना फाशीची शिक्षा सुनावली, तेव्हा सारा देश त्या माउलीचे नाव घेत होता. (पुढे २०२५ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने ती शिक्षा रद्द करून आरोपींना सोडून दिले, ही बातमी मात्र आतल्या पानावर गेली.) ही गोष्ट महाराष्ट्रात आणून महादेवन यांनी मराठीत केली आणि धुणी धुऊन जगणारी आई झाली उषा जाधव. नोव्हेंबर २०१९ मध्ये गोव्यात भरलेल्या पन्नासाव्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा रौप्य मयूर मिळाला. स्पर्धेत जगभरचे चित्रपट होते.

या चित्रपटात आई फार बोलत नाही. रडतही नाही. ती धुते, पिळते, वाळत घालते आणि तारखेला जाते. आम्ही तो पाहिला तेव्हा आम्हाला आठवण झाली ती परभणीची. १० डिसेंबर २०२४ रोजी परभणीत संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, उद्रेक झाला, वस्त्यांत धरपकड झाली. कायद्याचे शिक्षण घेणारा सोमनाथ सूर्यवंशी हा तरुण १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना मरण पावला. त्याची आई उभी राहिली. मदतीचा धनादेश नाकारत, कोर्टाच्या पायऱ्या चढत. तिची बाजू मांडायला बाळासाहेब आंबेडकर स्वतः न्यायालयात उभे राहिले. जुलै २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला, सरकार त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले आणि तिथेही आदेश कायम राहिला. एका आईला फक्त ‘गुन्हा नोंदवा’ एवढे पदरात पाडून घेण्यासाठी साडेसात महिने लागले. ‘माई घाट’ हा चित्रपट त्या दिवसांत आपल्या प्रत्येक वस्तीत, प्रत्येक विहारात दाखवायला हवा होता. लोकांना त्यातून धीर आला असता. आम्हाला सुचले नाही. कारण तो चित्रपट आहे, त्यातली नटी कोण आहे, हेच चळवळीत फारसे कोणाला ठाऊक नव्हते.

आणखी एक गोष्ट तिच्या खात्यावर लिहून ठेवली पाहिजे. २०१८ साली बीबीसीने हिंदी चित्रपटसृष्टीतल्या लैंगिक शोषणावर एक माहितीपट केला. काम देण्याच्या बदल्यात काय मागितले जाते हे त्यात कॅमेऱ्यासमोर चेहरा दाखवून सांगणाऱ्या मोजक्या अभिनेत्रींत राधिका आपटे होत्या आणि उषा जाधव होती. कामासाठी आधीच वणवण असलेल्या बाईने असे बोलणे म्हणजे स्वतःच्या पोटावर पाय देणे. ज्यांची नावे मोठी, ज्यांचे बाप-नवरे मोठे, अशा कितीतरी तेव्हा गप्प बसल्या होत्या. हिने तोंड उघडले. त्यानंतर आपल्या किती संघटनांनी तिच्या समर्थनाचे चार ओळींचे पत्रक काढले? आम्हाला एकही आठवत नाही, आणि आम्हीही लिहिले नव्हते.

काही वाचक म्हणतील की आता काळ बदलला, छाया कदम यांच्याकडे बघा. जरूर बघू. ‘फँड्री’तली जब्याची आई, ‘सैराट’मधली हैदराबादच्या वस्तीत पोरांना आसरा देणारी अक्का, ‘न्यूड’, ‘झुंड’ अशी वर्षे त्यांनी दुय्यम भूमिकांत काढली. मग २०२४ साली ‘लापता लेडीज’मधली रेल्वे फलाटावरची मंजू माई आली, आणि त्याच वर्षी ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ने कान महोत्सवात ग्रांप्री मिळवले. त्यातली पार्वती, इस्पितळात स्वयंपाक करणारी, बिल्डरने घरातून काढलेली, कागद नाहीत म्हणून हरलेली, आम्ही विसरू शकत नाही. आईची साडी आणि नथ घालून छाया कदम कानच्या गालिच्यावर चालल्या तेव्हा दारव्ह्यातल्या पोरींनीही ते फोटो स्टेटसला ठेवले होते. पण फ्रान्सने टाळ्या वाजवल्यावर आपण मान वळवून पाहिले, हे विसरू नये. त्याआधी दहा वर्षे ‘फँड्री’ आपल्याच घरात होता. तेव्हा आपण नागराजचे अभिनंदन केले, जब्याचे केले, शेवटच्या दगडावर अग्रलेख लिहिले. जब्याच्या आईचे काम करणारी कोण, हे तेव्हा कितीजणांनी विचारले?

‘कोर्ट’चेही तसेच. चैतन्य ताम्हाणे यांच्या त्या चित्रपटातले लोकशाहीर नारायण कांबळे म्हणजे आपले नागपूरचे वीरा साथीदार. ते १३ एप्रिल २०२१ रोजी कोरोनाने गेले तेव्हा आम्ही सगळे हळहळलो, लिहिले, सभा घेतल्या. त्याच चित्रपटात मॅनहोलमध्ये मेलेल्या कामगाराची विधवा साक्षीदाराच्या पिंजऱ्यात येते. नवरा आत उतरण्याआधी खडा टाकायचा, झुरळ बाहेर आले तर आत हवा आहे असे समजायचा, हे ती सपाट आवाजात सांगते. सगळा खटला तिथे एका क्षणात उघडा पडतो. शाहिराच्या गाण्याने आत्महत्या केली म्हणणाऱ्या सरकारी पक्षाची हवा ती एका वाक्यात काढून टाकते. त्या बाईचे काम उषा बने यांनी केले आहे. हे नाव आम्ही इथे मुद्दाम छापतो आहोत. वीराभाऊ असते तर त्यांनीही हेच केले असते.

आता थोडे आपल्या घरात बघू. निर्मात्यांना आणि समीक्षकांना शिव्या देणे सोपे आहे, त्याने आमचा स्तंभही भरतो. पण आपल्या भीमगीतांच्या कार्यक्रमाचे पोस्टर डोळ्यासमोर आणा. वर निळा झेंडा, बाबासाहेब, भगवान बुद्ध. मग नगरसेवकाचा, आमदाराचा, इच्छुक उमेदवाराचा फोटो. मधोमध माइक धरलेला गायक आणि त्याच्या नावापुढे दोन शब्द, ‘आणि संच’. त्या संचात कोण असते? ढोलकीवाला असतो, बेंजोवाला असतो, आणि दोन किंवा तीन बाया असतात. कोरस त्यांचा. रमाईच्या गाण्यात आर्त सूर लावायचा तो त्यांनी. गायकाचा आवाज बसला की कार्यक्रम सांभाळायचा तो त्यांनी. रात्री दोन वाजता कार्यक्रम संपल्यावर टेम्पोच्या मागे पोराला मांडीवर घेऊन त्या झोपतात. बिदागी किती मिळते ते त्यांनाच विचारा. आम्ही एकदा विचारले होते आणि आकडा ऐकून गप्प बसलो.

बाबासाहेबांवर चित्रपट काढायला निघालेल्या आपल्याच एका हौशी निर्मात्याला आम्ही विचारले होते की रमाईसाठी आपल्या कलापथकांतल्या मुलींची चाचणी घेतलीस का? तो म्हणाला, “भाऊ, रमाईला चेहरा लागतो.” कसला चेहरा? दाभोळजवळच्या वणंदच्या मजुराची पोर, गोवऱ्या थापणारी रमाई, तिला कसला चेहरा लागतो? त्या बिचाऱ्याचा चित्रपट पुढे पैशांअभावी झालाच नाही, पण त्याचे ते वाक्य आमच्या डोक्यातून जात नाही. देविका राणीला अस्पृश्य कन्या करणाऱ्यांचा आणि आपल्या या भावाचा आरसा एकच.

आपल्या चळवळीतल्या बाया अशा हरवू नयेत म्हणून कोणीतरी पायपीट केलेली आहे. २० जुलै १९४२ रोजी नागपुरात दलित महिलांची परिषद भरली. अध्यक्ष होत्या अमरावतीच्या सुलोचनाबाई डोंगरे, बाया आल्या होत्या वीस-पंचवीस हजार. बाबासाहेबांनी त्या गर्दीकडे पाहून समाजाची प्रगती बायांच्या प्रगतीवरून मोजतो असे सांगितले, हे आपण दर भाषणात सांगतो. पण त्या बाया कोण होत्या, हे उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून या दोघी घरोघर फिरून, म्हाताऱ्यांच्या खाटेशी बसून विचारत हिंडल्या, तेव्हा १९८९ साली ‘आम्हीही इतिहास घडवला’ हे पुस्तक झाले. तोवर त्या सगळ्या ‘आणि संच’च होत्या. तसे काम कलेच्या बाजूने व्हायचे राहिले आहे. कलापथकात, जलशात, दंडारीत, नाटकांत, आता यूट्यूबवरच्या गाण्यांत आणि वेबमालिकांत बाईजातीने काय काय केले, त्याची साधी यादीसुद्धा आपल्याकडे नाही. विद्यापीठांत आपले इतके प्राध्यापक आहेत. एखाद्याने पीएच.डी.च्या पोरींना हा विषय द्यावा.

त्या पावसाळी रात्रीनंतर आठवड्याने आम्ही पुन्हा दारव्ह्याला गेलो. मुद्दाम म्हातारीच्या घरी. नाव सांगायचे राहिले होते ना. “आई, ते बाई उषा जाधव,” आम्ही म्हटले. तिने दोनदा म्हणून पाहिले आणि मान हलवली. मग चहा झाला आणि बोलता बोलता तिने जे सांगितले त्याने आमची पुरती खोड मोडली. तीही कलापथकात होती! लग्नाआधी, सोळा-सतरा वर्षांची असताना. भाऊ पेटी वाजवायचा आणि ही गायची, नाटुकल्यात काम करायची. शकुंतला रेल्वेत बसून कधी लाडखेड, कधी कारंजा. स्टेशनवरून पुढे बैलबंडी. कंदिलाच्या उजेडात सावकाराच्या बायकोचे काम तिच्याकडे असायचे, कारण तिला ठसक्यात बोलता यायचे. “मले तं सावकारीन करू देत होते गा,” ती हसत म्हणाली, “खरी सावकारीन पाहाले येत होती लपून, आपली नक्कल कशी होते ते.”

हे आम्ही ऐकत राहिलो. मुंबईच्या कोट्यवधींच्या उद्योगाला जी गोष्ट नव्वद वर्षांत जमली नाही, ती लाडखेडच्या मैदानात एका कंदिलाखाली होत होती. तिथे आपल्या पोरी सावकारीण होत होत्या, राणी होत होत्या, इंग्रजाची मडमही होत होत्या. काळी-गोरी कोणी विचारत नव्हते. ते आपल्याच हाताने आपण केव्हा मोडले, लग्न झालेल्या सुनेने स्टेजवर जाऊ नये हे वस्तीत केव्हा ठरले, याचा शोध घेतला तर तो निर्मात्यांवरच्या आमच्या सगळ्या आरोपांपेक्षा जास्त झोंबेल. तिचेही गाणे लग्नानंतर बंद झाले. नवरा चळवळीतला होता, चांगला होता, मारहाण नाही, दारू नाही. “पन नाई म्हणे,” एवढेच तिने सांगितले. भावाचे नाव मात्र त्या भागातल्या जुन्या माणसांना अजून आठवते. तो आणि संच.

आम्ही वही काढली आणि तिचे पूर्ण नाव विचारले. या लेखात छापू म्हणालो. ती घाबरली. “पेपरात नको बापू, पोरगा कावते. म्हनते, म्हातारपनी काय आता हे.” थोडा वेळ ती गप्प बसली. मग चहाचे कप उचलता उचलता दारातून वळून म्हणाली, “जयंतीच्या पोस्टरवर टाकत असान तं टाका.”

नाव आमच्या वहीत आहे, माहेरचे आणि सासरचे दोन्ही. जयंती समितीच्या अध्यक्षांशी आम्ही बोललो. ते म्हणाले, पोस्टरवर जागा कमी आहे, देणगीदारांचे फोटो घ्यावे लागतात, बघू. समितीची पुढची बैठक विहारातच आहे. आम्ही जाणार आहोत.